घटिकापात्र : वीज खरी, पण मागाला जोडू नये

काळडोहापलीकडच्या मुलखातले तांबट घडवतात ते घटिकापात्र आता सोलापुरात, मंगळवार पेठेतल्या भांड्यांच्या दुकानांतही मिळू लागले आहे आणि विजेच्या बिलाने कावलेल्या यंत्रमागधारकांमध्ये सुताच्या भावाखालोखाल त्याचीच चर्चा असते. आमच्या टॉवेलच्या कारखान्यात ते वापरून पाहिल्यावर माझे मत असे झाले आहे, की पात्र फसवे नाही. मात्र ज्या कामासाठी ते इथे विकले जात आहे, त्या कामाचे ते नाही.

लग्नाचा मुहूर्त साधण्यासाठी पूर्वी आपल्याकडे तळाला बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर सोडत आणि ती एका घटिकेत, म्हणजे २४ मिनिटांत, भरून बुडे. हे पात्रही त्याच घडणीचे आहे, फक्त काशाचे आणि घमेल्याएवढे. भरत असताना ते भोवतीच्या तीन हातांच्या रिंगणातला काळ वाकवते. त्या रिंगणातले घड्याळ मागे पडते आणि जो वेळ तिथे घडायचा राहून गेला, तो काठाला जोडलेल्या तारांतून वीज होऊन बाहेर येतो. बुडालेले पात्र आपणहून वर येते व पुन्हा भरू लागते. एक अश्वशक्तीची मोटर, म्हणजे सुमारे ७४६ वॉट, आठ तासांची पाळीभर पूर्ण भाराने चालवायला, मोटरीतली घट न धरता, साधारण सहा युनिटे लागतात. तेवढी वीज एका पात्रातून मिळते हा माहितीपत्रकातला दावा आमच्याकडे खरा ठरला.

अडचण विजेच्या प्रमाणाची नसून तिच्या लयीची आहे. ३१ डिसेंबर २०१३ रोजी रायचूर–सोलापूर या ७६५ केव्हीच्या वाहिनीने दक्षिणेचे ग्रीड उर्वरित देशाच्या ग्रीडशी जोडले गेले. तेव्हापासून देशाच्या या एकसंध जाळ्यावरच्या सगळ्या मोटरी ५० हर्ट्झच्या आसपासच्या एकाच ठेक्यावर फिरतात. घटिकापात्र या ठेक्याच्या बाहेर आहे. रिकामे असताना त्याची वीज ५० हर्ट्झची असते, पाणी चढते तसतसा काळ जड होऊन वारंवारता उतरत जाते आणि पात्र बुडताक्षणी ती पुन्हा मूळपदावर उसळते. चार ध्रुवांची मोटर, जी एरवी मिनिटाला १५०० फेऱ्यांच्या किंचित खाली फिरते, ती प्रत्येक घटिकेच्या अखेरीस सुस्तावते. कापड गुंडाळण्याची गती मागाच्याच दातेरी चाकांना बांधलेली असल्यामुळे इंचामागे पडणाऱ्या बाण्याच्या, म्हणजे आडव्या, धाग्यांची संख्या बदलत नाही, हे खरे. परंतु तो धागा दाबून बसवणाऱ्या फणीचा ठोका हलका पडतो, वीण सैलावते आणि टॉवेल उजेडात धरला की आडवे पट्टे स्पष्ट दिसतात. वेग आणखी उतरला तर आडवा धागा नेणारा धोटा पलीकडच्या पेटीपर्यंत पोहोचत नाही आणि माग बंद पडतो. सोलापुरी चादर आणि टॉवेल या दोघांनाही भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, ते अशा पट्ट्यांच्या मालासाठी नव्हे.

मांडणीच्या वेळीही एक काळजी घ्यावी लागते. पात्र पहिल्यांदा माध्यान्हीला पाण्यात सोडावे, अशी सूचना आहे आणि दुकानातला माणूस खुशाल घड्याळात बारा वाजले की ते सोडून मोकळा होतो. भारतीय प्रमाणवेळ साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखावृत्ताची, सोलापूर ७५.९ अंशांच्या आसपास. त्यामुळे आपला सूर्य घड्याळाच्या सरासरी २६ मिनिटे मागे असतो, म्हणजे बाराच्या ठोक्याला सोडलेले पात्र जन्मतःच घटिकाभर चुकलेले असते आणि त्याची भरती-बुडती कधीच सम राहत नाही. पंचांगातली सोलापूरची सूर्योदय-सूर्यास्ताची वेळ पाहून त्यांचा मध्य काढावा.

माहितीपत्रकाच्या शेवटी, सर्वांत बारीक अक्षरात, ‘रिंगणात माणूस बसवू नये’ असे छापले आहे. हे वाक्य खरे तर पहिल्या पानावर हवे होते. आमच्याकडे कांड्या (धोट्यात बसणाऱ्या सुताच्या नळ्या) भरणाऱ्या बायका सावली आणि पाण्याचा गारवा म्हणून नेमक्या पात्राच्या कुंडाजवळ बसू लागल्या आणि त्यांच्या कांड्या रोजच्यापेक्षा कमी भरू लागल्या. मजुरी कांड्यांवर मोजली जाते. त्यांच्या वाट्याचा वेळ आमच्या तारांत जात होता आणि त्याची वजावट त्यांच्या पगारात होत होती. फरक भरून देऊन आम्ही त्यांची बैठक हलवली. पण ज्या कारखान्यात हे कोणाच्या लक्षात येणार नाही, तिथे स्वस्त विजेचे पैसे कोण भरतो, हे विकणाऱ्यांनी आधीच सांगायला हवे. (रिंगणात ठेवलेले दूध मे महिन्यात, पारा चाळिशीपार गेलेला असतानाही, बराच वेळ नासत नाही, हे मात्र घरच्या मंडळींना फार आवडले आहे.)

दिवे, पंखे आणि पाण्याचा पंप यांना पात्र उत्तम चालते. लय थोडी हलली तरी पंपाचे फारसे बिघडत नाही. नक्षी विणणाऱ्या जॅकार्डच्या मागाला ते कोणी फुकट दिले तरी जोडू नये. रंगवलेले सूत रिंगणात वाळत घालू नये, ते वाळतच नाही. किंमत नव्या मोटरीहून बरीच जास्त आहे, त्यामुळे केवळ दिव्या-पंख्यांसाठी ती वसूल व्हायला वेळ लागेल.

हमी एका वर्षाची आहे. ते वर्ष भिंतीवरच्या दिनदर्शिकेचे की रिंगणातले, असे विचारल्यावर दुकानदाराने रिंगणातले असे सांगितले. तिथला काळ मागे पडत असल्याने ही मुदत ग्राहकाच्या फायद्याची ठरते, म्हणून ‘वर्ष रिंगणातले’ हे शब्द बिलावर लिहून, त्याखाली दुकानाचा शिक्का घ्यावा.