भ्रमयुगम : हिंदी ट्रॅक सोडा, सबटायटल लावा

राहुल सदाशिवन यांचा मल्याळम भयपट ‘भ्रमयुगम’ (2024) पहिल्यापासून शेवटपर्यंत कृष्णधवल आहे. काळ सतराव्या शतकातला, जागा केरळातला मलबार. गुलामगिरीतून पळालेला तेवन, पडक्या वाड्याचा धनी कोडुमोन पोट्टी आणि त्याचा स्वयंपाकी, एवढ्या तिघांवर 139 मिनिटं जवळजवळ पेलली आहेत.

भीती भुतांपेक्षा पाहुणचाराची जास्त वाटते. पोट्टी तेवनला ठेवून घेतो, त्याचं गाणं ऐकतो आणि मग फाशांचा डाव मांडतो. तेवनकडे पणाला लावायला काहीच नाही, तर पोट्टी त्याचा काळच मागतो! डाव हरल्यावर वाड्याबाहेर पडायची वाट उरत नाही. पोट्टी झालेले ममूटी इथे आरडाओरडा करत नाहीत. सावकाश चावत, बोटं चाटत, समोरच्याकडे बघत बसतात, तेवढ्यानेच पोटात गोळा येतो.

हवेली, जमीनदार, चेटूक हे हिंदी प्रेक्षकाच्या चांगल्या ओळखीचं, त्यामुळे सिनेमा परका वाटत नाही. अडतं ते संदर्भांपाशी. तेवन पाणन, म्हणजे गाण्यावर पोट भरणाऱ्या, खालच्या मानलेल्या जातीतला; पोट्टी म्हणजे केरळी ब्राह्मण. अशा माणसाला पोट्टी पाहुणा म्हणून ठेवतो, तिथेच संशय यायला हवा. चात्तन म्हणजे केरळच्या लोककथांतली, वश केलं तर राबणारी आणि बिथरली तर धन्यावरच उलटणारी शक्ती. याहून जास्त सांगितलं तर शेवट फुटेल.

हिंदी ट्रॅकवर ममूटींचा मूळ आवाज जातो, आणि निम्मी दहशत त्या आवाजातच आहे. मल्याळमच लावा.

टीव्हीची सेटिंग मात्र आधी बघा. ‘व्हिव्हिड’ मोडमध्ये सावल्यांतले बारकावे काळ्यात बुडतात. ब्राइटनेस वाढवून भागवायला गेलात तर काळा राखाडी होतो. ‘सिनेमा’ मोड घ्या, कलर टेंपरेचर ‘वॉर्म’ ठेवा (‘कूल’वर अख्खी फ्रेम निळसर दिसते, आणि कृष्णधवलात ते लगेच खुपतं), मोशन स्मूदिंग (हालचाल कृत्रिमपणे गुळगुळीत करणारी सोय) आणि इको मोड (वीज वाचवायला पडदा मंद करणारा) बंद करा. खोलीत अंधार हवाच. मोबाइलवर पाहणार असाल तर न पाहिलेला बरा.

उणीव एकच, पण मोठी. शेवटच्या टप्प्यात जे नजरेतून कळत होतं ते संवादांतून समजावलं जातं, इफेक्ट्सही अंगावर येतात. पोट्टीच्या नुसत्या बसण्यात जी जरब होती ती त्या धुमश्चक्रीत नाही.