मोहिमांची पुस्तके: आधी कोणते, नंतर कोणते

बेळगाव, खानापूर, निपाणी या पट्ट्यातल्या पोरांना चढण नवीन नाही. राजहंसगडावर पहाटे पोहोचणारे, महिपाळगड पायाखाली घातलेले, भीमगडच्या रानाविषयी भरभरून बोलणारे तरुण इथे गावोगाव आहेत. त्यांच्यापैकी कुणी ना कुणी विचारतेच: शोधमोहिमांवरचे वाचायचे आहे, पैसे दोन-तीन पुस्तकांपुरतेच आहेत, कोणती घेऊ? गावातल्या मराठी वाचनालयांपुढेही हाच प्रश्न असतो. वर्षाची खरेदी ठरलेली, त्यात स्पर्धा परीक्षांच्या पुस्तकांचा वाटा मोठा, उरलेल्या पैशांत धाडसाच्या पुस्तकांना जागा मिळते ती एखाद-दुसऱ्याच. म्हणून अशी काही पुस्तके समोरासमोर ठेवून पाहतो.

निवडताना मी दोन गोष्टी पाहतो. गोष्ट सांगणारा स्वतः गेला होता, की मागाहून कागद जमवून त्याने ती लिहिली? आणि ज्यांनी ओझे वाहिले त्यांना पुस्तकात नाव आहे का? दुसरा प्रश्न मला पहिल्यापेक्षा मोठा वाटतो. शिवाय आपल्याकडे भाषेचाही विचार करावा लागतो. घरात मराठी, कचेरीत कन्नड, कॉलेजात इंग्रजी अशी आपली रोजची विभागणी. इंग्रजी वाचता येते, पण सहाशे पाने आनंदाने वाचू असे म्हणणारे थोडे. त्यामुळे पुस्तक किती जड आहे तेही सांगतो.

सुरुवात दक्षिण ध्रुवाकडच्या दोन पुस्तकांपासून करतो. आल्फ्रेड लान्सिंगचे ‘एन्ड्युरन्स’ (१९५९) आणि ॲप्स्ली चेरी-गॅरार्डचे ‘द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड’ (१९२२) यांची नावे बहुतेक वेळा एका दमात घेतली जातात. दोन्हींत बर्फ आहे, उपासमार आहे, विसाव्या शतकाच्या आरंभीचे इंग्रज दर्यावर्दी आहेत. साम्य एवढ्यावरच संपते.

लान्सिंग अमेरिकन पत्रकार. तो अंटार्क्टिकाला गेला नव्हता. अंटार्क्टिका खंड ओलांडायला निघालेल्या शॅकल्टनच्या मोहिमेतले जे हयात होते त्यांना तो भेटला, त्यांच्या डायऱ्या मिळवल्या आणि त्यातून त्याने गोष्ट विणली. १९१४च्या डिसेंबरात दक्षिण जॉर्जिया बेटावरून निघालेले ‘एन्ड्युरन्स’ जहाज जानेवारीत बर्फात अडकले, महिनोन्‌महिने बर्फाबरोबर वाहत गेले आणि नोव्हेंबर १९१५ मध्ये चेपून बुडाले. अठ्ठावीस माणसे आणि तीन होड्या उरल्या. एलिफंट बेटावर बावीस जणांना ठेवून सहा जण सुमारे सात मीटर लांबीच्या ‘जेम्स केर्ड’ या होडीतून निघाले. जगातला सर्वांत खवळलेला समुद्र आणि अंतर सुमारे १३०० किलोमीटर, म्हणजे बेळगावहून सरळ रेषेत थेट आग्र्यापर्यंत. सूर्यावरून होडीची जागा आणि दिशा ठरवणाऱ्या वर्स्लीला तो दिसला मोजक्याच वेळा, आणि तेवढ्यावर त्याने बेट अचूक गाठले. त्यानंतर शॅकल्टन, वर्स्ली आणि क्रीन या तिघांनी नकाशा नसलेले डोंगर छत्तीस तासांत ओलांडले. बुटांच्या तळाला पकड यावी म्हणून होडीचे स्क्रू ठोकले होते. ३० ऑगस्ट १९१६ रोजी चिलीच्या ‘येल्चो’ या बोटीने मागे राहिलेल्यांना उचलले. एकही माणूस गेला नाही.

हे पुस्तक हातात घेतले की खाली ठेववत नाही. इंग्रजी सोपे, वाक्ये छोटी. दहावी झालेला मुलगाही शब्दकोश फारसा न उघडता वाचेल. पण दोन गोष्टी लक्षात ठेवाव्यात. याच मोहिमेची दुसरी तुकडी खंडाच्या पलीकडच्या बाजूला, रॉस समुद्राकडे, शॅकल्टनसाठी अन्नसाठे लावत होती आणि तिथे तीन माणसे दगावली. ‘सगळे वाचले’ हे वाक्य एका जहाजापुरतेच खरे आहे, आणि त्या तिघांची कथा या पुस्तकात जवळजवळ येत नाही. दुसरी गोष्ट सुतार मॅकनिशची. ‘जेम्स केर्ड’च्या बाजू उंच करून तिला समुद्रात टिकेल अशी त्यानेच बनवली, पण बर्फावर असताना हुकूम मानायला नकार दिल्यामुळे त्याला ध्रुवीय पदक मिळाले नाही. लान्सिंग तो प्रसंग सांगतो, पण त्याचा कल शॅकल्टनकडेच आहे. विकत घेताना फ्रँक हर्लीची छायाचित्रे आणि नकाशा असलेली आवृत्ती पाहा. फोटो नसलेली स्वस्त आवृत्ती घेऊ नका. बर्फात कलंडलेले ते जहाज डोळ्यांनी पाहिल्याशिवाय अर्धे पुस्तक हातातून निसटते.

चेरी-गॅरार्ड स्वतः गेला होता. दक्षिण ध्रुव गाठायला निघालेल्या स्कॉटच्या शेवटच्या मोहिमेतला तो सर्वांत तरुण लोकांपैकी एक. पुस्तकाच्या नावातला ‘सर्वांत वाईट प्रवास’ ध्रुवाचा नाही. १९११च्या हिवाळ्यात, चोवीस तास अंधार असताना, विल्सन, बॉवर्स आणि तो असे तिघे एम्परर पेंग्विनची अंडी आणायला केप क्रोझियरला गेले. त्या अंड्यांतल्या गर्भावरून पक्षी आणि सरपटणारे प्राणी यांचे नाते उलगडेल अशी तेव्हाच्या शास्त्रज्ञांची कल्पना होती. तापमान उणे साठ सेल्सिअसच्या खाली गेले. कपडे घामाने भिजून पत्र्यासारखे ताठ झाले. वादळात तंबू उडाला आणि नशिबाने परत सापडला. पाच आठवड्यांनी तिघे परतले ते तीन अंडी घेऊन. पुढे लंडनच्या संग्रहालयात ती अंडी द्यायला गेल्यावर त्याला कोरडेपणाने कसे ताटकळत ठेवले गेले, ते त्याने लिहिले आहे. तो भाग वाचताना राग येतो, आणि तो यावाच.

या पुस्तकाचे खरे वजन मात्र अंड्यांच्या प्रवासात नाही. मार्च १९१२ मध्ये चेरी-गॅरार्ड कुत्र्यांच्या घसरगाड्या घेऊन ‘वन टन’ डेपोपर्यंत, म्हणजे स्कॉटच्या परतीच्या वाटेवरच्या अन्नसाठ्यापर्यंत गेला, तिथे काही दिवस थांबला आणि परत फिरला. त्याच महिन्याच्या अखेरीस स्कॉट, विल्सन आणि बॉवर्स त्या डेपोपासून अवघ्या अठरा-वीस किलोमीटरवर तंबूत मरण पावले. पुढे त्यांचा तंबू शोधून काढणाऱ्या तुकडीतही तो होता. हिवाळी प्रवासातले त्याचे दोन्ही सोबती गेले, तो उरला. आणखी पुढे गेलो असतो तर, हा प्रश्न त्याने आयुष्यभर सोडला नाही. लान्सिंगला हे लिहिता येणे शक्यच नव्हते, कारण हे डायऱ्या जमवून मिळत नाही. पण पुस्तक जाडजूड आहे, इंग्रजी जुन्या वळणाचे आहे आणि मधली बरीच पाने अन्नाच्या हिशेबांची, साठ्यांच्या यादीची आहेत. पहिलेच पुस्तक म्हणून हे हातात घेतलेले वाचक शंभराव्या पानाशी थांबलेले मी पाहिले आहेत. आधी लान्सिंग, नंतर चेरी-गॅरार्ड.

थॉर हेयरडालचे ‘कॉन-टिकी’ हलकेफुलके. १९४७ मध्ये सहा जण बाल्सा लाकडाच्या तराफ्यावरून पेरूहून निघाले आणि १०१ दिवसांनी पॉलिनेशियातल्या रारोइया प्रवाळबेटावर आदळले. सकाळी तराफ्यावर पडलेले उडते मासे गोळा करून न्याहारी, असा सगळा मामला. पॉलिनेशियात वस्ती दक्षिण अमेरिकेतून झाली हा त्याचा मुख्य सिद्धांत आज मानला जात नाही. तो इतिहास म्हणून वाचू नये, समुद्राच्या आनंदासाठी वाचावा. शाळकरी मुलांना हेच आधी द्यावे.

एव्हरेस्टवर ढिगाने पुस्तके आहेत. मी त्यातली दोनच समोर ठेवीन. मोहिमेचे नेते जॉन हंट यांचे ‘द असेंट ऑफ एव्हरेस्ट’ १९५३चे, मोहिमेनंतर लगेच लिहिलेले. साडेतीनशेहून अधिक हमालांनी सामान कसे वाहिले, प्राणवायूचे नळकांडे किती, जेवण काय, हे सगळे त्यात नीटनेटके आहे. मोहिमेची आखणी शिकायची तर यासारखे दुसरे नाही. १९५५ मध्ये आलेले तेनसिंगचे आत्मचरित्र त्याने जेम्स रॅम्से उलमन यांना सांगून लिहिवले. त्याला लिहिता-वाचता येत नव्हते, पण सातव्या मोहिमेत एव्हरेस्टचे शिखर गाठलेल्या माणसाची स्पष्टता त्याच्या प्रत्येक पानावर आहे. काठमांडूत शेर्पांना दूतावासाच्या गॅरेजमध्ये झोपायला दिले, याची टोचणी त्यात आहे. शिखरावर पहिले पाऊल कुणाचे, या प्रश्नावर वर्षानुवर्षे रण माजले होते, त्याचे उत्तर तो सरळ देतो: हिलरी आधी, मी नंतर. एकच घ्यायचे असेल तर मी तेनसिंगचे घेईन.

आता आपल्या भूमीकडे. इथे मला थोडे थांबायचे आहे, कारण आपल्याकडच्या मोजणीदारांची आणि पंडितांची, म्हणजे वेष पालटून तिबेटची मोजणी करणाऱ्यांची, कथा ध्रुवांइतकीच थरारक आहे आणि आपल्या वाचकांपर्यंत ती फार थोडी पोहोचली आहे.

जॉन के यांचे ‘द ग्रेट आर्क’ (२०००) लहानखुरे आहे, दोन दिवसांत संपते. १८०२ मध्ये विल्यम लॅम्ब्टनने मद्रासजवळ पायारेषा मोजून कन्याकुमारीपासून हिमालयाच्या पायथ्यापर्यंत त्रिकोणांची साखळी उभारायला सुरुवात केली. त्याचे कोन मोजण्याचे थिओडोलाइट यंत्र अर्ध्या टनाचे. इंग्लंडहून येताना ते फ्रेंचांनी जहाजासकट पकडून मॉरिशसला नेले आणि नंतर परत केले. तंजावरला देवळाच्या शिखरावर चढवताना दोर तुटून ते आदळले, तेव्हा लॅम्ब्टनने तंबूत स्वतःला कोंडून घेऊन ते दुरुस्त केले. १८२३ मध्ये तो वर्ध्याजवळच्या हिंगणघाटला वारला. त्याचे काम जॉर्ज एव्हरेस्टने पुढे नेले. जंगलताप आणि वाघ यांनी या कामात किती मजूर आणि झेंडेवाले गिळले, हे पुस्तकातून कळते. शेवटी गणिती राधानाथ सिकदार आणि शिखर क्रमांक १५ चा हिशेब येतो. १८५६ मध्ये त्याची उंची २९,००२ फूट जाहीर झाली. हेच एव्हरेस्ट. विज्ञानाच्या विद्यार्थ्याला, विशेषतः आपल्याकडे पीयूसीला (अकरावी-बारावीला) असलेल्या मुलामुलींना, मी हे पुस्तक डोळे झाकून देईन. त्रिकोणमिती कशासाठी शिकायची, याचे उत्तर यात आहे.

पीटर हॉपकर्क यांचे ‘ट्रेसपासर्स ऑन द रूफ ऑफ द वर्ल्ड’ (१९८२) तिबेटमध्ये शिरू पाहणाऱ्या परदेशी लोकांविषयी आहे. माझ्यासाठी त्याचा सर्वांत मोलाचा भाग पंडितांचा. कुमाऊँमधल्या मिलमच्या नैनसिंग रावतला डेहराडूनला शिकवले की प्रत्येक पाऊल सारख्याच लांबीचे टाकायचे. जपमाळेत १०८ ऐवजी १०० मणी, दर शंभर पावलांना एक मणी. प्रार्थनाचक्रात मंत्रांच्या जागी नोंदींचे कागद. असा तो १८६६च्या जानेवारीत ल्हासाला पोहोचला. ब्रिटिश भूगोल मंडळाने १८७७ मध्ये त्याला सुवर्णपदक दिले.

किन्थुप या सिक्कीमच्या माणसाचे काय झाले ते वाचून मी बराच वेळ पुस्तक मिटून बसलो होतो. तिबेटातली त्सांगपो आणि ब्रह्मपुत्रा एकच नदी आहे की नाही, हे ठरवण्यासाठी त्याला एका लामाबरोबर पाठवले. लामाने त्याला गुलाम म्हणून विकले आणि पळ काढला. किन्थुप तिथून निसटला, परत पकडला गेला, तरी काम सोडले नाही. शेवटी ठरल्याप्रमाणे खुणा केलेले पाचशे ओंडके रोज पन्नास असे दहा दिवस नदीत सोडले. पण त्याने आधी पाठवलेले पत्र वेळेत पोहोचले नव्हते, त्यामुळे खाली आसामात ओंडके पाहायला कुणी उभे नव्हते. त्याच्या सांगण्याला खरा मान मिळायला १९१३ उजाडावे लागले. ‘आर्क’ यंत्राची कथा आहे, ‘ट्रेसपासर्स’ माणसांची. ओझे वाहणाऱ्याला नाव देण्यात हॉपकर्क पुढे आहे. मात्र पुस्तकाचा निम्मा भाग युरोपीय हौशी लोकांचा आहे, तो चाळला तरी चालेल.

मराठीत या सगळ्यांना तोडीस तोड उभे राहील असे पुस्तक म्हणजे विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’. वरसईचे हे भिक्षुक कर्ज फेडायला पैसा मिळवावा म्हणून, बायजाबाई शिंद्यांच्या यज्ञाची वार्ता ऐकून, काकांबरोबर उत्तरेकडे निघाले आणि थेट १८५७च्या धुमश्चक्रीत सापडले. इंग्रज सेनापती ह्यू रोजच्या वेढ्यात झाशीच्या आत होते. लूट, आग, तहान, गल्लीबोळांतली कत्तल, सगळे त्यांनी पाहिले. मिळवलेले पुन्हा पुन्हा लुटले गेले. काल्पीच्या वाटेवर विहिरीशी राणी भेटते आणि विद्वान ब्राह्मणाला पाणी काढायला न लावता स्वतःच काढून पिते, तो प्रसंग वाचल्यावर विसरता येत नाही. गोडसे मोहिमेवर निघाले नव्हते. धाडस त्यांच्यावर येऊन कोसळले, आणि ते त्यांनी न सजवता सांगितले. कावडीतून गंगाजल आणण्याचा हट्टही त्यांनी सोडला नाही.

त्याच्या शेजारी काका कालेलकरांचा ‘हिमालयातील प्रवास’ ठेवावा. काकासाहेब बेळगावच्या गणेश विद्यालयात शिकवत असत, म्हणून आपल्याकडे त्यांच्याविषयी जिव्हाळा आहे. पुस्तक त्यांनी आधी गुजरातीत लिहिले. १९१२ मधली ती पायपीट आहे, पण तिच्यात धोक्यापेक्षा चिंतन जास्त. सुंदर आहे, तरी साहस शोधणाऱ्याने आधी गोडसेच घ्यावेत.

गोडसे घेताना आवृत्ती नीट पाहा. १९०७ मध्ये चिंतामणराव वैद्यांनी छापले तेव्हा मजकुरात बराच फेरफार केला होता. दत्तो वामन पोतदारांनी मूळ हस्तलिखितावरून १९६६ मध्ये छापलेला पाठ वेगळा आणि अधिक खरा. टिपा असलेली, मूळ पाठावर आधारलेली प्रत घ्या. जुन्या शब्दांमुळे पहिली वीस पाने अडखळायला होते, नंतर भाषाच ओढून नेते.

खरेदीचा क्रम म्हणाल तर एकट्या वाचकाने पहिल्यांदा गोडसे आणि लान्सिंग घ्यावेत, एक मराठी, एक इंग्रजी. इंग्रजीचा कंटाळा असेल तर गोडसे आणि कालेलकर. पीयूसीच्या पोरासाठी ‘द ग्रेट आर्क’. गडांवर जाणाऱ्या मंडळाने तेनसिंग आणि हॉपकर्क वर्गणी काढून घ्यावेत आणि आपसांत फिरवावेत. पावसाळ्यात रोप लावणी आटोपली की खानापूरकडे वाचायला वेळच वेळ असतो. वाचनालयाने मात्र गोडसेंच्या दोन प्रती घ्याव्यात, कारण एक कायम कुणाच्या तरी घरी असणार. चेरी-गॅरार्डची खरेदी पुढच्या वर्षावर ढकलली तरी चालेल. तोवर लान्सिंग संपवून ‘आणि त्याआधी स्कॉटचे काय झाले होते?’ असे विचारणारे चार वाचक तयार झालेले असतील.