परदेशात पासपोर्ट हरवला: इमर्जन्सी सर्टिफिकेटवर घरी यायचं, की तिथेच नवा पासपोर्ट काढायचा?

परदेशात पासपोर्ट गेला की भारतीय माणसापुढे तीनच वाटा उरतात. इमर्जन्सी सर्टिफिकेट घेऊन सरळ भारतात परतायचं. नाहीतर कमी मुदतीचा, साधारण वर्षभर चालणारा पासपोर्ट मिळतो का ते बघायचं. किंवा तिथल्या भारतीय वकिलातीतून पूर्ण दहा वर्षांचा नवा पासपोर्ट काढायचा. हॉटेलच्या लॉबीतून घरी फोन लागतो तेव्हा साताऱ्याहून काय, सांगलीहून काय, सल्ला ठरलेला असतो: "जे लवकर मिळेल ते घे आणि निघून ये." आठ दिवसांच्या सहलीला गेलेल्यांसाठी हा सल्ला अगदी बरोबर आहे. दुबईत नोकरी करणाऱ्या किंवा जर्मनीत शिकणाऱ्या पोरांना मात्र तोच सल्ला महागात पडू शकतो. म्हणून "लवकर काय मिळेल" याआधी "परत यायचंय की तिथेच राहायचंय" हे ठरवावं.

त्याच्याही आधी एक काम. बॅगांचे सगळे कप्पे, हॉटेलची तिजोरी, बसमधली सीट, काकूंची दुसरी पर्स, सगळं नीट बघून घ्या. एकदा हरवल्याची तक्रार वकिलातीत नोंदली की तो पासपोर्ट रद्द होतो आणि अशा पासपोर्टांची माहिती इंटरपोलच्या यादीतही जाते. मग संध्याकाळी तो स्वेटरच्या खिशात सापडला तरी त्यावर प्रवास करता येत नाही. दोन तास शोधण्यात गेले तर काही बिघडत नाही.

इमर्जन्सी सर्टिफिकेट: काय होतं, काय होत नाही

याला सगळे ईसी म्हणतात. हा पासपोर्ट नव्हे. १९६७ च्या पासपोर्ट कायद्यातच त्याची व्याख्या आहे: भारतात प्रवेश करण्यापुरता दिलेला दाखला. म्हणजे स्वारगेट ते सातारा एकेरी तिकीट. त्यावर पुढे कोल्हापूर गाठता येत नाही. त्यावर दुसऱ्या देशात जाण्याचा व्हिसा मिळत नाही, आणि भारतात उतरलात की त्याचं काम संपलं.

जमेच्या बाजूला दोन मोठ्या गोष्टी. एक वेळ. तुमच्या पासपोर्टची माहिती पासपोर्ट सेवेच्या संगणकात असेल आणि कागद पुरे असतील, तर ईसी बहुधा एक-दोन कामाच्या दिवसांत मिळतं, कधी कधी त्याच दिवशी. दुसरं पैसे. अमेरिकेतल्या भारतीय वकिलातींचं उदाहरण घ्या. ईसीचं सरकारी शुल्क सुमारे १५ डॉलर, तर हरवलेल्याच्या बदल्यात ३६ पानी पासपोर्टचं १५० डॉलर. अर्ज घेणाऱ्या सेवा केंद्राची फी दोन्हीकडे वरून वेगळी.

कागद तेच नेहमीचे: स्थानिक पोलिसांचा रिपोर्ट, जुन्या पासपोर्टची प्रत, फोटो, भारतीय असल्याचा काहीतरी पुरावा आणि बऱ्याच ठिकाणी परतीचं तिकीट. थायलंडमध्ये पर्यटक पोलिसांचा ११५५ हा नंबर इंग्रजीत बोलतो, तिथून सुरुवात करता येते. पासपोर्टची प्रत फोनमध्ये नसेल तर घरून कुणाला तरी कपाट उघडायला लावा. बहुतेक घरांत व्हिसाच्या फायलीत एखादी झेरॉक्स असतेच.

आता ईसीमधली खरी अडचण. भारतात शिरायचा कागद मिळाला, पण त्या देशातून बाहेर पडायचं काय? तुम्ही त्या देशात कायदेशीर आलात याचा शिक्का हरवलेल्या पासपोर्टवर होता. थायलंडमध्ये ईसी हातात आल्यावर इमिग्रेशनच्या कार्यालयात जाऊन प्रवेशाची नोंद त्यावर करून घ्यावी लागते. व्हिएतनाममध्ये बाहेर पडण्याचा वेगळा व्हिसा काढावा लागतो. युरोपात सहसा पोलीस रिपोर्ट आणि ईसी दाखवून निघता येतं. ईसी मिळालं म्हणून त्याच रात्रीचं विमान बुक करणारे लोक विमानतळावर अडकतात ते इथेच. आधी वकिलातीतल्या माणसाला विचारा: "इथून बाहेर पडायला अजून काय लागेल?" मग तिकीट.

आणि तिकीट शक्यतो थेट भारताचं घ्या. मध्ये दुसऱ्या देशात विमान बदलायचं असेल तर ईसीवर नेतील का, हे विमान कंपनीलाच विचारून घ्या. त्यांनी नाही म्हटलं तर काउंटरवर वाद घालून उपयोग नसतो. ठरलेलं स्वस्तातलं तिकीट सोडून थेट विमानाला जास्त पैसे पडले, तर तोही ईसीचाच खर्च समजा.

तिथेच नवा पासपोर्ट

हा मार्ग सावकाश आहे, आणि सावकाश का आहे ते समजलं की चिडचिड कमी होते. हरवलेल्या पासपोर्टच्या बदल्यात नवा देण्यापूर्वी वकिलात तो मूळ देणाऱ्या कार्यालयाकडून खात्री करून घेते. सातारा-सांगलीकरांसाठी ते पुण्याचं पासपोर्ट कार्यालय. तुमचा पासपोर्ट अलीकडचा, संगणकातल्या नोंदीचा असेल तर काम लवकर सरकतं. फार जुना असेल, पत्ता बदललेला असेल, लग्नानंतर नाव बदललेलं असेल, तर पोलीस पडताळणीसह आठवडे जातात. पडताळणीचा कागद इकडे कऱ्हाडच्या नाहीतर मिरजेच्या पोलीस ठाण्यात आला, तर घरच्यांनी तो लवकर पुढे जाईल असं बघावं. तिकडे बसलेला पोरगा काही करू शकत नाही.

पण मिळतो तो पूर्ण पासपोर्ट. मुदत पूर्ण, व्हिसा लावता येतो, कुठेही जाता येतं. क्रमांक मात्र नवा, त्यामुळे जुना क्रमांक जिथे जिथे दिला होता तिथे बदलायला लागतो. दुबईत २०२२ पासून रहिवासाचा शिक्का पासपोर्टवर नसतो, तो एमिरेट्स आयडीत, म्हणजे तिथल्या ओळखपत्रात असतो. म्हणून तिथल्या माणसाचा पासपोर्ट गेला तरी राहण्याचा हक्क कार्डात शाबूत असतो, फक्त नवा क्रमांक नोंदवावा लागतो. ब्रिटनमध्येही आता राहण्याची परवानगी ई-व्हिसात असते, त्याच्याशी नवा पासपोर्ट जोडावा लागतो. जर्मनीत विद्यार्थ्याकडे रहिवासाचं वेगळं प्लास्टिकचं कार्ड असतं. ते कार्ड वाचलं असेल तर अर्धी लढाई जिंकलेली असते.

कमी मुदतीचा पासपोर्ट

याबद्दल फार बोलण्यासारखं नाही, कारण तो तुम्ही मागायचा नसतो, वकिलातीने द्यायचा असतो. भारतातून खात्री यायला वेळ लागतोय आणि माणसाला खरंच प्रवास करायचाय, असं दिसलं तर साधारण एक वर्षाचा पासपोर्ट देतात. ऐकायला मधला मार्ग वाटतो. पण बरेच देश पासपोर्टची सहा महिने मुदत शिल्लक मागतात, म्हणजे वर्षाच्या पासपोर्टचा उपयोग पहिल्या सहा महिन्यांतच. शिवाय वर्षभरात पुन्हा पासपोर्टच्या दारात जायचंच आहे. दिला तर घ्या, पण त्याच्या आशेवर बेत आखू नका.

| | ईसी | कमी मुदतीचा | पूर्ण नवा |
|---|---|---|---|
| कुठे जाता येतं | फक्त भारतात | इतर देशांतही, मुदतीच्या आत | सगळीकडे |
| वेळ | बहुधा एक-दोन कामाचे दिवस | वकिलातीच्या निर्णयावर | काही दिवस ते काही आठवडे |
| नवा व्हिसा | नाही | हो, पण मुदत आड येते | हो |
| भारतात आल्यावर | पुन्हा अर्ज, पुन्हा पडताळणी | वर्षात पुन्हा अर्ज | काही नाही |

मग तुम्ही काय घ्यावं?

साताऱ्याचं निवृत्त जोडपं थायलंडच्या ग्रुप टूरवर गेलंय आणि काकांचा पासपोर्ट गेला. ईसी, दुसरा विचार नको. काकू ग्रुपबरोबर पुढे जाऊन काका एकटे मागे राहणार का, एवढंच ठरवायचं. माझं मत, काकूंनीही थांबावं. टूर मॅनेजरला पन्नास माणसं सांभाळायची असतात, तो दोन दिवस वकिलातीच्या दारात बसणार नाही. वकिलात शनिवार-रविवार बंद असते, शिवाय भारताच्या आणि त्या देशाच्या, दोन्हींच्या सुट्या येतात. शुक्रवारी दुपारी पासपोर्ट हरवला तर सोमवारपर्यंतच्या हॉटेलची सोय आधी करा. वकिलातीचा तातडीचा नंबर असतो, पण तो रात्री कागद छापून देण्यासाठी नसतो.

तासगावचा द्राक्ष बागायतदार फेब्रुवारीत बर्लिनच्या फ्रूट लॉजिस्टिका प्रदर्शनाला गेलाय, तिथून लंडनला एका खरेदीदाराला भेटायचंय. पासपोर्ट प्रदर्शनाच्या गर्दीत गेला. त्याला वाटतं, कसंही करून नवा पासपोर्ट मिळवू आणि लंडनची भेट चुकवू नये. पण शेंगेनचा (युरोपातल्या बऱ्याच देशांचा सामाईक) आणि ब्रिटनचा व्हिसा त्याच पुस्तिकेवर चिकटवलेला असेल तर नवा पासपोर्ट हातात आला तरी व्हिसा गेलाच. तो नव्याने काढेपर्यंत हंगाम पुढे सरकतो, आणि घरी तर काढणी सुरू आहे. खरेदीदाराशी व्हिडिओवर बोला, ईसी घ्या आणि घरी या. पासपोर्ट लवकर मिळवण्याच्या धडपडीत लोक व्हिसा विसरतात, हे मी वारंवार पाहिलंय.

कऱ्हाडची मुलगी जर्मनीत एमएस करतेय. तिने ईसी घेऊ नये. तिथे राहून बर्लिनच्या दूतावासाकडे, नाहीतर फ्रँकफर्ट, म्युनिक, हँबर्ग यांपैकी आपल्या भागाच्या वकिलातीकडे, नवा पासपोर्ट मागावा, वर्ग चालू ठेवावेत. अपवाद एकच: घरी कुणी अत्यवस्थ असेल तर. मग ईसीवर यावं, इथे नवा पासपोर्ट काढावा आणि रहिवासाचं कार्ड जिवापाड सांभाळावं. पासपोर्ट आणि कार्ड दोन्ही एकाच पर्समध्ये गेले असतील तर परतीसाठी मुंबईतल्या जर्मन वकिलातीचं दार ठोठवावं लागेल, आणि ते सेमिस्टर धोक्यात येतं. अमेरिकेतल्या विद्यार्थ्यालाही हेच. तिथे राहायला पासपोर्टवरचा व्हिसा लागत नाही, आय-९४ची (देशात शिरल्याची) नोंद आणि कॉलेजचं आय-२० (प्रवेशाचा दाखला) लागतं. पण एकदा देशाबाहेर पडलात की परत शिरायला व्हिसा लागतो, आणि तो पुन्हा मुंबईत मुलाखत देऊन. तेव्हा बाहेर पडू नका.

दुबईत नोकरी करणाऱ्या मिरजेच्या पोराचंही तसंच. सहा महिन्यांहून जास्त बाहेर राहिलं तर रहिवास रद्द होऊ शकतो. इकडे पासपोर्टची पडताळणी लांबली तर ती मुदत बघता बघता जवळ येते. त्याने दुबईच्या भारतीय वकिलातीतूनच नवा पासपोर्ट काढावा.

नेपाळला गेलेल्यांना यातलं काहीच लागत नाही, मतदार ओळखपत्र खिशात असलं की झालं. काठमांडूत पासपोर्ट हरवला म्हणून रडकुंडीला आलेल्या माणसाला ही आठवण करून द्यावी लागते. आधार मात्र सर्वांना चालत नाही; ६५ वर्षांवरच्यांना आणि १५ वर्षांखालच्या मुलांनाच चालतं.

ईसीवर घरी आल्यानंतर

मुंबईत इमिग्रेशनवर थोडी विचारपूस होते. घाबरण्याचं कारण नाही, पोलीस रिपोर्ट हाताशी ठेवा. विमानात बसण्यापूर्वी ईसीचा आणि रिपोर्टचा फोटो काढून ठेवा, कारण ईसी तिथे काढून घेतलं जाऊ शकतं आणि पुढच्या अर्जाला त्याची प्रत लागते.

मग पासपोर्ट सेवेच्या साइटवर हरवल्याच्या कारणासाठी पुन्हा अर्ज. ३६ पानी पासपोर्टला ३००० रुपये, ६० पानी हवा असेल तर ३५००. साध्या नूतनीकरणाला १५०० लागतात, म्हणजे हरवला की शुल्क दुप्पट. प्रतिज्ञापत्र साध्या कागदावर चालतं, नोटरीची गरज नाही. तरीही कोर्टाबाहेर बसलेले काही जण स्टॅम्प पेपर गळ्यात मारतात, त्यांना नमस्कार करून पुढे जा. पत्ता मात्र सध्या राहता तोच लिहा. गावाकडचा पत्ता लिहून पोलीस पडताळणीच्या दिवशी पुण्यात असणं, हे रखडण्याचं सगळ्यात नेहमीचं कारण.

प्रवास विमा काढला असेल तर पासपोर्ट हरवल्याच्या खर्चाचं कलम त्यात बहुधा असतं. त्याला पोलीस रिपोर्ट आणि शुल्काच्या मूळ पावत्या लागतात. वकिलातीची पावती जपून आणा.

आणि उलट्या दिशेचा प्रश्न, कारण वाई-साताऱ्यात आता तोही येतो. सुट्टीला आलेल्या अमेरिकन पासपोर्टवाल्या नातवाचा पासपोर्ट इथे हरवला तर? अमेरिकेची पद्धत वेगळी आहे. मुंबईतल्या त्यांच्या वकिलातीत छापला जातो तो तात्पुरता, जास्तीत जास्त वर्षभराचा पासपोर्ट. पूर्ण मुदतीचा अमेरिकेत छापून येतो. तात्पुरत्यावर तो मूळ देशात सुखरूप जातो, पण तो भारतात व्हिसावर आला असेल तर इथून निघण्याआधी ई-एफआरआरओच्या (परदेशी नागरिकांची नोंद ठेवणाऱ्या सरकारी कार्यालयाच्या) साइटवर बाहेर पडण्याची परवानगी घ्यावी लागते. आजोबांनी विमानाच्या आदल्या रात्री ही परवानगी शोधायला बसू नये. पोलीस तक्रार झालेली असावी आणि तात्पुरता पासपोर्ट हाती आला की त्याच दिवशी नातवाला किंवा त्याच्या आई-वडिलांना अर्ज भरायला सांगावं.