रिमेकला स्वतंत्र पान, की मूळ लेखातच एक विभाग?

एखाद्या रोमँटिक थ्रिलरचा रिमेक येतो आणि विकिपीडियावर लिहिणाऱ्यांचे हात शिवशिवू लागतात. मूळ चित्रपटाचा लेख बहुधा आधीपासून असतो. मग त्यातच ‘पुनर्निर्मिती’ असा विभाग वाढवायचा, की रिमेकचं वेगळं पान काढायचं? बरेच जण दुसरा पर्याय घेतात, कारण नवं पान काढल्याचं समाधान काही और असतं. माझा कल आधी विभाग करण्याकडे आहे, पण सरसकट नाही.

रिमेकची नुसती घोषणा झाली असेल, तर फार विचार करायची गरजच नाही. मुख्य चित्रीकरण सुरू झाल्याचं विश्वसनीय स्रोतांत आलेलं नसेल तर स्वतंत्र लेख काढू नये, असा इंग्रजी विकिपीडियाचा दंडक आहे आणि तो कुठल्याही भाषेत पाळावा असाच आहे. घोषणा झालेला नायक बदलतो, निर्माता माघार घेतो, कधी अख्खा प्रकल्पच गुंडाळला जातो. तोवर मूळ लेखात संदर्भासह दोन वाक्यं पुरतात.

खरा प्रश्न प्रदर्शनानंतरचा. इथे चित्रपट किती गाजला यापेक्षा त्याच्याबद्दल स्वतंत्रपणे काय लिहून आलंय ते बघा. टीझर, पोस्टर, गाणं आल्याच्या बातम्या बहुतेक वेळा निर्मात्यांच्या प्रसिद्धिपत्रकावरूनच उतरवलेल्या असतात. त्या दहा असल्या तरी वजन एकीचंच. दोन-तीन चांगल्या समीक्षा असतील आणि त्या रिमेकबद्दल काही सांगत असतील, तर पान उभं राहतं. सगळ्या समीक्षा ‘मूळची सर नाही’ एवढंच म्हणून थांबत असतील, तर ते वाक्य मूळ लेखातल्या विभागातही बसतं.

‘गजनी’चं बघा. २००५चा तमिळ आणि २००८चा हिंदी, दोन्ही ए. आर. मुरुगदास यांचेच, दोन्हींत नायिका असिन. नायक मात्र तिकडे सूर्या, इकडे आमिर खान. नाव एकच, त्यामुळे शीर्षकातच वर्ष किंवा भाषा घालून दोन्ही वेगळे दाखवावे लागतात. हिंदीबद्दल स्वतंत्रपणे इतकं लिहिलं गेलंय की ते एका विभागात कोंबणं हास्यास्पद होईल. इथे वेगळं पानच हवं. मात्र त्या पानावर एक काळजी घ्या. हिंदी चित्रपट हा तमिळचा रिमेक आहे. २००० सालच्या ‘मेमेंटो’ या इंग्रजी चित्रपटाशी असलेलं नातं हा वेगळा मुद्दा, आणि तो संदर्भ देऊन वेगळ्या वाक्यात मांडायचा. ‘रिमेक’ आणि ‘प्रेरित’ यांची सरमिसळ झाली की चर्चा पानावर (लेखाबद्दल संपादक जिथे बोलतात त्या पानावर) वाद पेटलाच म्हणून समजा.

उलट उदाहरण ‘वो कौन थी?’चं. १९६४च्या या चित्रपटाचे १९६६ मध्ये तमिळ आणि तेलुगू असे दोन रिमेक झाले, ‘यार नी?’ आणि ‘आमे एवरू?’. दोन्हींत जयललिता. मराठीत लिहायला बसलात आणि हाताशी नावं, साल, कलाकार एवढंच असेल, तर दोन ओळींची दोन पानं काढण्यात अर्थ नाही. मूळ लेखात एक छोटा तक्ता करा: भूमिका एका रकान्यात, प्रत्येक भाषेतला कलाकार पुढच्या रकान्यांत. वाचकाला तुलना एका नजरेत मिळते, आणि ही सोय वेगळ्या पानांत मिळतच नाही. १९९७चा स्पॅनिश ‘आब्रे लोस ओहोस’ आणि त्याचा २००१चा अमेरिकन रिमेक ‘व्हॅनिला स्काय’ यांत पेनेलोपी क्रूझने सोफियाची तीच भूमिका केली आहे. अशी गंमत तक्त्यात आपोआप डोळ्यांत भरते.

विभागाची खरी अडचण येते ती कथानकापाशी. रोमँटिक थ्रिलरच्या रिमेकमध्ये सर्वांत जास्त छेडछाड शेवटाशी होते. फ्रेंच ‘लापार्तमाँ’चा (१९९६) शेवट काळोखा आहे, त्याचा अमेरिकन रिमेक ‘विकर पार्क’ (२००४) प्रेमिकांना विमानतळावर भेटवतो. विभाग असेल तर ‘शेवट बदलून सुखान्त केला’ या एका वाक्यात काम भागतं. वेगळं पान असेल तर अख्खं कथानक नव्याने लिहायला हवं, आणि इथेच लोक आळस करतात: मूळ लेखातला मजकूर उचलायचा, पात्रांची नावं बदलायची, झालं. मग ज्या दृश्याला रिमेकमध्ये कात्री लागली तेही कथानकात राहतं. चित्रपट समोर ठेवून लिहा. इंग्रजी विकिपीडियावर कथानकाला ४०० ते ७०० शब्दांची मर्यादा आहे. मराठीत त्याहून कमीच बरं. कथानकाला संदर्भ लागत नाही, चित्रपट हाच त्याचा स्रोत. पण ‘नायकाचा संशय समाजाच्या मानसिकतेचं प्रतीक आहे’ असलं काही लिहिलंत की समीक्षकाचा संदर्भ आलाच. आणि हो, खुनी कोण ते लपवू नका. हा विश्वकोश आहे, ट्रेलर नव्हे.

तांत्रिक बाजू वेगळ्या पानाच्या पारड्यात पडते. विकिडेटावर, म्हणजे वेगवेगळ्या भाषांतले एकाच विषयाचे लेख जोडणाऱ्या सामाईक माहितीसाठ्यात, प्रत्येक चित्रपटाची स्वतंत्र नोंद असते आणि एक लेख एकाच नोंदीला जोडता येतो. त्यामुळे रिमेक नुसता विभाग म्हणून असला की इतर भाषांतल्या त्याच्या लेखांवरून वाचक तुमच्या मजकुरापर्यंत सहज पोचत नाही. लेखाच्या कडेची माहितीचौकटही (दिग्दर्शक, कलाकार वगैरेंचा तक्ता) मूळ चित्रपटाचीच राहते. रिमेकच्या नावाचं पुनर्निर्देशन करा, म्हणजे ते नाव शोधणारा आपोआप त्या विभागाकडे वळेल आणि निदान रिकाम्या हाताने परतणार नाही.

देखभालीत मात्र विभाग सरस. छोट्या भाषेच्या विकिपीडियावर नव्या पानाकडे कुणाचं लक्ष नसतं. कमाईचे आकडे रातोरात फुगतात, ‘सुपरहिट’ हा शब्द पहिल्या ओळीत येऊन बसतो. कुणी पैसे घेऊन लिहीत असेल तर ते जाहीर करणं बंधनकारक आहे, पण सगळे करतात असं नाही. मूळ लेखावर जुन्या संपादकांची नजर असते, तिथे असली भर टिकत नाही. चाहत्यांशी उलटवा-उलटवी, म्हणजे एकमेकांचे बदल रद्द करणं, करत बसू नका. इंग्रजी विकिपीडियावर एकाच पानावर २४ तासांत तीनपेक्षा जास्त वेळा बदल उलटवलेत तर तुमच्यावरच बंदी येऊ शकते, मग तुमचं म्हणणं बरोबर का असेना.

म्हणून रिमेकबद्दल हाताशी दोन-तीन परिच्छेदांपुरताच मजकूर असेल तर विभागापासून सुरुवात करा. तो मूळ लेखाला डोईजड झाला की वेगळा काढता येतो. काढताना मूळ लेखात चार ओळींचा सारांश आणि नव्या पानाचा दुवा ठेवा, आणि मजकूर कुठून आणला ते संपादनाच्या सारांशात (बदल जतन करताना लिहायच्या छोट्या टिपणीत) लिहा. परवाना मुक्त असला तरी मूळ लेखकांचं श्रेय त्या एका ओळीतूनच शाबूत राहतं.