उशीर चालेल, खोटी नोंद चालणार नाही

देशभर माल पाठवणाऱ्या एका मोठ्या ऑनलाइन दुकानाच्या घरपोच सेवेविषयी हा अभिप्राय आहे. दुकानाचे नाव लिहिलेले नाही, कारण वडोदऱ्यात दांडिया बाजार, रावपुरा आणि प्रतापनगर इथल्या ओळखीच्या घरांत विचारपूस केली तेव्हा दुकाने निरनिराळी निघाली, तक्रार मात्र जवळजवळ एकच निघाली. वस्तूंची निवड उत्तम, भाव बाजारापेक्षा बहुधा कमी आणि बांधणी चांगली, याबद्दल माझी काही तक्रार नाही. माल शहरात येऊन पोहोचल्यानंतर आमच्या दारापर्यंतचा जो शेवटचा टप्पा आहे, तो मात्र बेभरवशाचा आहे, आणि त्या टप्प्याची जी नोंद आपल्याला मोबाइलवर दाखवली जाते ती अनेकदा खरी नसते. माझा मुख्य आक्षेप या दुसऱ्या गोष्टीला आहे.

इथल्या मराठी घरांना ही सेवा चैनीसाठी लागत नाही. सेंट्रल लायब्ररीत मराठी पुस्तके आहेत आणि आमच्या कितीतरी घरांचे वाचन तिच्यावरच पोसले गेले, पण नवे पुस्तक हवे त्या दिवशी दुकानात जाऊन चाळून घ्यावे अशी पुण्या-मुंबईसारखी सोय इथे नाही. पुस्तके, दिवाळी अंक, विशिष्ट मसाले, घरातल्या ज्येष्ठांना लागणाऱ्या लहानसहान वस्तू यांसाठी आम्ही ऑनलाइन खरेदीवर अवलंबून आहोत. अवलंबून असलेल्या माणसाला वेळेचे आश्वासन देताना ते पाळण्याची जबाबदारी अधिक असते.

पहिला अनुभव दिवाळी अंकांचा. घटस्थापनेच्या सुमारास मी अंकांचा संच मागवला आणि पैसे आगाऊ भरले. वसुबारसेच्या आत संच मिळेल असे पानावर स्पष्ट लिहिले होते. प्रत्यक्षात तो तुळशीचे लग्न लागून गेल्यावर आला. मधल्या काळात मोबाइलवर ‘विक्रेत्याने पार्सल तयार केले’ एवढीच ओळ दिसत राहिली. या ओळीचा अर्थ पुष्कळांना माहीत नसतो, म्हणून सांगते. विक्रेत्याने पत्त्याची चिठ्ठी संगणकावर काढली की ही ओळ उमटते, तोपर्यंत माल त्याच्या कपाटातून हललेलाही नसतो. कुरियरच्या माणसाने पार्सल ताब्यात घेऊन चिठ्ठीवरचा कोड स्कॅन केला की खरा प्रवास सुरू होतो. तिथून छाटणी केंद्र, मग लांब पल्ल्याचा ट्रक, मग वडोदऱ्याचे केंद्र आणि शेवटी दुचाकीवरचा मुलगा असा तो क्रम आहे. अंक पुण्याहून यायचे होते आणि पुणे इथून रेल्वेने एका रात्रीचे अंतर आहे, तेव्हा हा उशीर रस्त्यातला नव्हता. विक्रेत्याकडे माल तयार नव्हता आणि दुकानाने तरीही तारीख दिली होती. ‘अंक अजून छापून आलेले नाहीत, दिवाळीनंतर मिळतील’ असे सांगितले असते तर मी ते मान्य केले असते किंवा दुसरीकडून मागवले असते. निवड करण्याची ती संधीच मला मिळाली नाही.

दुसरा अनुभव अधिक गंभीर आहे. माझ्या सासऱ्यांना श्रवणयंत्र आहे आणि त्याला ३१२ क्रमांकाच्या, तपकिरी चिकटपट्टीच्या झिंक-एअर बॅटऱ्या लागतात. पट्टी काढली की हवा आत जाऊन बॅटरी सुरू होते आणि वापरानुसार आठवडा-दीड आठवडा चालते. शेवटची पट्टी काढण्यापूर्वी नव्या याव्यात म्हणून मी पुरेशा आधी मागणी नोंदवली. ठरलेल्या दिवशी सकाळी ‘पार्सल वाटपासाठी निघाले’ असा संदेश आला. मी घरी होते, सासूबाई घरी होत्या आणि सासरे तर पुढच्या ओटीवरच बसून होते. संध्याकाळी संदेश आला की ग्राहक उपलब्ध नसल्याने पार्सल देता आले नाही. दुसऱ्या दिवशीही हेच झाले आणि त्यानंतर ‘पत्ता अपूर्ण’ अशी नोंद आली, जिच्यात एक अक्षरही खरे नव्हते. यंत्र बंद पडल्यावर सासरे जेवताना कुणाशी बोलेनासे झाले, कारण समोरच्याला तेच तेच पुन्हा विचारण्याची त्यांना लाज वाटू लागली. ज्या पार्सलला दुकानाच्या हिशेबात किरकोळ किंमत आहे, त्याच्यावाचून एका माणसाचा घरातला वावर थांबला होता.

पार्सल अखेर आले तेव्हा ते आणणाऱ्या मुलाला मी पाणी दिले आणि शांतपणे विचारले, ‘भाई, आम्ही घरी नव्हतो असे का लिहिले?’ त्याने काही न बोलता स्वतःचा मोबाइल माझ्यापुढे धरला. पार्सल परत नेताना कारण निवडल्याशिवाय ते ॲप पुढे जात नाही आणि यादीत कारणे मोजकीच होती: ग्राहक उपलब्ध नाही, पत्ता अपूर्ण, ग्राहकाने नाकारले, ग्राहकाने दुसरी तारीख मागितली. ‘आज मी पोहोचू शकलो नाही’ असे कारण त्या यादीत नव्हते. सकाळी पिशवीत दिलेली पार्सले दिवसभरात वाटून होण्यासारखी नसतात, पैसे पोहोचवलेल्या पार्सलमागे मिळतात, आणि उरलेल्या प्रत्येकासाठी या चारांपैकी एक कारण दिल्याशिवाय त्याला घरी जाता येत नाही, असे त्याने सांगितले. उन्हातान्हात मांडवीपासून लकडी पुलापर्यंत फिरणाऱ्या या मुलावर राग धरणे मला योग्य वाटत नाही. खोटे बोलण्यावाचून ज्या यादीत जागाच ठेवलेली नाही, ती यादी करणाऱ्यांनी याचे उत्तर द्यायला हवे.

शहराच्या अडचणी मला ठाऊक आहेत. नवरात्रात संध्याकाळनंतर गरब्याच्या गर्दीतून दुचाकी नेणे सोपे नसते, आणि उत्तरायणाच्या दोन दिवसांत अख्खे वडोदरा पतंग उडवायला गच्चीवर असते. ऑगस्ट २०२४च्या अखेरीस विश्वामित्री नदीचे पाणी शहरात शिरले, अनेक वस्त्यांत लोक वरच्या मजल्यांवर अडकून पडले आणि रस्त्यांवर मगरी दिसू लागल्या, तेव्हा पार्सल यावे अशी अपेक्षा कुणी केली नाही आणि करूही नये. पण त्याही दिवसांत आमच्या एका मागणीपुढे ‘ग्राहकाच्या विनंतीवरून वाटप पुढे ढकलले’ असे लिहिले गेले. साऱ्या देशाने ज्या पुराच्या बातम्या पाहिल्या, तो पूर त्या नोंदवहीत कुठेच नाही.

न मिळालेल्या मालाचा अनुभव वेगळ्याने सांगायला हवा. मिक्सरचे चटणीचे भांडे मागवले होते. एका दुपारी ‘पार्सल पोहोचले’ असा संदेश आला, घरी काहीच आले नव्हते. पुरावा म्हणून एक छायाचित्र जोडलेले होते. त्यात निळ्या रंगाचे लोखंडी जाळीचे दार होते, बाजूला चपलांची मांडणी होती आणि खाली चकचकीत फरशी होती. आमच्या वाड्याला जुने सागवानी दुपाखी दार आहे, पितळी कडी आहे आणि पायरी दगडाची आहे. माझ्या दाराचे छायाचित्र काढून मी दोन्ही चित्रे शेजारी शेजारी ठेवून पाठवली. उत्तर आले की आमच्या नोंदीनुसार पार्सल पोहोचलेले आहे, तरी कृपया शेजाऱ्यांकडे चौकशी करावी. शेजाऱ्यांकडे मी आधीच विचारले होते आणि तसे तक्रारीत लिहिलेही होते. पुढच्या प्रत्येक वेळी नवा माणूस बोलायला येई, सुरुवातीपासून सगळे विचारी आणि शेवटी तेच वाक्य देऊन संवाद बंद करी. दोन छायाचित्रे डोळ्यांनी पाहिली असती तर अर्ध्या मिनिटात निकाल लागला असता.

या टप्प्यावर बहुतेक लोक कंटाळून सोडून देतात, म्हणून नियम सांगणे मला आवश्यक वाटते. ग्राहक संरक्षण कायदा २०१९खाली ई-कॉमर्सचे नियम जुलै २०२०पासून लागू आहेत. त्यांनुसार अशा दुकानाला तक्रार निवारण अधिकारी नेमून त्याचे नाव व संपर्क आपल्या संकेतस्थळावर देणे बंधनकारक आहे. तक्रार मिळाल्याची पोच त्याने ४८ तासांत द्यायची असते आणि एका महिन्यात तिचे निवारण करायचे असते. तक्रारीला क्रमांक द्यावा लागतो, ज्यावरून ती कुठवर आली हे ग्राहकाला पाहता येते. आणि जो नियम मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो असा की, सांगितलेल्या वेळेनंतर माल आला तर तो परत घेण्यास किंवा पैसे परत देण्यास विक्रेता नकार देऊ शकत नाही. पुरासारख्या कुणाच्याही हातात नसलेल्या कारणाने उशीर झाला असेल तरच याला अपवाद आहे. दिवाळी झाल्यावर आलेले अंक मी परत करू शकत होते, हे दुकानाने मला कधीही सांगितले नाही.

मी चॅटवरचे बोलणे थांबवून निवारण अधिकाऱ्याला लेखी तक्रार पाठवली, आणि उत्तर आले नाही तेव्हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर नोंद केली. त्यानंतर हालचाल झाली आणि भांड्याचे पैसे खात्यात परत आले. तत्पूर्वी दुकान ती रक्कम त्यांच्याच वॉलेटमध्ये देऊ पाहत होते. ती घेतली असती तर पुन्हा त्याच दुकानातून खरेदी करावी लागली असती, म्हणून मी नकार दिला. हेल्पलाइननेही काम झाले नसते तर जिल्हा ग्राहक आयोगाकडे जाण्याची माझी तयारी होती. २०१९च्या कायद्याने ग्राहकाला आपण राहतो त्या जिल्ह्यात तक्रार करण्याची मुभा दिली आहे, दुकानाचे कार्यालय बंगळुरूला असो की गुरुग्रामला. पाच लाख रुपयांपर्यंतच्या खरेदीसाठी आयोगाचे शुल्क नाही, आणि मुदत दोन वर्षांची आहे.

खोट्या नोंदींचा आणखी एक दुष्परिणाम होतो. ‘तुमचे पार्सल अपूर्ण पत्त्यामुळे अडकले आहे, या दुव्यावर जाऊन पत्ता दुरुस्त करा’ असे ठकसेनांचे संदेश सध्या सर्रास येतात. टपाल खात्याच्या नावानेही ते पाठवले जातात आणि सरकारने त्याबद्दल सावध केलेले आहे. खऱ्या दुकानाकडूनच जेव्हा पूर्ण पत्त्याला अपूर्ण म्हटले जाते, तेव्हा सासूबाईंसारख्या वयाच्या माणसांनी यातला खरा संदेश कोणता आणि फसवा कोणता हे ओळखायचे कसे?

पत्त्याच्या सबबीबद्दल एवढेच म्हणते की पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ रोजी सुरू झाला आणि तो आखणारे श्रीराम भिकाजी वेलणकर हे मराठी गृहस्थ होते. त्यांच्या सहा आकड्यांवरून आमचे टपाल आजही बिनचूक येते. आमचा टपालवाला स्पीड पोस्ट घेऊन येतो, घरी कुणी नसेल तर चिठ्ठी ठेवतो आणि पाकीट टपाल कचेरीत जपून ठेवले जाते. पत्ता तोच आहे, गल्ली तीच आहे.

त्यामुळे माझी खरेदीची पद्धत बदलली आहे. दिवाळी अंक आता मी प्रकाशकांना फोन करून मागवते आणि स्पीड पोस्टने पाठवायला सांगते. पुस्तकांसाठी टपाल खात्याने मे २०२५पासून ‘ज्ञान पोस्ट’ ही स्वस्त सेवा सुरू केली आहे, तिची चौकशी विक्रेत्याकडे जरूर करावी. नियतकालिके तिच्यात बसत नाहीत. श्रवणयंत्राच्या बॅटऱ्या रावपुऱ्यातल्या दुकानातून घेते. त्या थोड्या महाग पडतात, पण दुकानदार सासऱ्यांना ओळखतो आणि एक पाकीट बाजूला काढून ठेवतो. ज्या वस्तूची घाई नाही आणि जी हरवली तरी घरातले काही अडणार नाही, ती मात्र अजूनही ऑनलाइन मागवते, पैसे शक्यतो माल हातात आल्यावर देते आणि पार्सल समोर असल्याशिवाय ओटीपी कुणालाही सांगत नाही.

पाचपैकी दोन गुण देते. एक वस्तूंच्या निवडीसाठी, एक बांधणीसाठी. घरपोच सेवेसाठी सध्या गुण नाही. त्या मुलाच्या मोबाइलवरच्या यादीत ‘मी पोहोचू शकलो नाही’ हे पाचवे कारण आले, तर हा अभिप्राय मी आनंदाने बदलेन.