वाक्यविन्यास शिकायचा: ट्री काढावा की बाण?

भाषाशास्त्राला प्रवेश घेतलेली किंवा घ्यायच्या विचारात असलेली बडोद्यातली मराठी मुलं भेटली की एक प्रश्न ठरलेला असतो. सिंटॅक्सची, म्हणजे वाक्यविन्यासाची, सुरुवात अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ नोम चॉम्स्कीच्या वाटेने, वाक्याचा फांद्या फुटलेला ‘ट्री’ काढत करावी, की डिपेंडन्सीच्या वाटेने, शब्दाकडून शब्दाकडे बाण काढत? शाळेत वाक्यपृथक्करण झालेलं असतं, कर्तरी-कर्मणी-भावे कुठेतरी डोक्यात असतात, तेव्हा उद्देश्य म्हणजे काय इथपासून सुरू करत नाही. मी दोन्हीकडे बऱ्यापैकी हिंडलोय आणि एकीकडे जास्त रमलोय. कुठे, ते वाचता वाचता कळेलच.

दोन्ही वाटा तशा समवयस्क. चॉम्स्कीचं गाजलेलं पहिलं पुस्तक १९५७ चं. डिपेंडन्सीच्या वाटेचा पाया घालणाऱ्या फ्रान्सच्या ल्युसियँ तेन्येरचा जाडजूड ग्रंथ १९५९ चा, तोही तो वारल्यावर पाच वर्षांनी निघालेला. चॉम्स्कीकडे वाक्याचे पदबंध, म्हणजे शब्दांचे गट, पडतात, पदबंधाच्या पोटात आणखी पदबंध, आणि खाली शब्द. तेन्येर क्रियापदाला सगळ्यांच्या वर बसवतो आणि बाकीचे शब्द थेट किंवा एकमेकांमार्फत त्याला टांगतो. संस्कृतच्या तासाला सहा कारकं घोकलेल्यांना ही दुसरी रीत परकी वाटत नाही. हैदराबादच्या ट्रिपल आयटी या संस्थेने हिंदी वाक्यांचा ट्रीबँक, म्हणजे रचना दाखवलेल्या वाक्यांचा संग्रह, बांधताना पाणिनीच्या कारकांवरूनच लेबलं बेतली, ती काही उगाच नाही.

आता माझं घोडं कुठे अडलं ते सांगतो. एक साधं वाक्य घ्या: ‘काकूंनी काल मला सेव-उसळ दिली.’ याचा ट्री सरळ निघतो. पण घरात असं शिस्तीत बोलतं कोण? ‘सेव-उसळ काल काकूंनी दिली मला.’ ‘मला दिली ना काकूंनी काल सेव-उसळ!’ मराठीत हे सगळं चालतं आणि अर्थ फारसा हलत नाही, फक्त जोर इकडचा तिकडे जातो. ट्रीवाल्यांना मात्र सहसा यातला एकच क्रम मूळचा मानावा लागतो. बाकीचे त्यातून हलवून आणायचे. म्हणजे सेव-उसळ पुढे उचलायची, तिच्या जुन्या जागी रिकामी खूण ठेवायची आणि दोन्हींना वळसेदार रेघेने जोडायचं. क्रियापदाच्या मागे आलेल्या ‘काकूंनी काल’चं काय करायचं यावर पंडितांचंच एकमत नाही. मी घरातली बोलणी टिपून त्यांचे ट्री काढायला बसायचो तेव्हा कागदावर शब्द कमी आणि रिकाम्या जागा जास्त व्हायच्या. शब्दांनी जागा बदलल्या की सगळं खोडून पुन्हा काढायचं. वाक्य समजत होतं, चित्र जमत नव्हतं. माझी चिकाटी कमी पडली असेल, पण कंटाळा आला तो इथेच.

तेच वाक्य बाणांनी काढा. ‘दिली’पासून चार बाण निघतात: काकूंनी, काल, मला, सेव-उसळ. शब्द हवे तसे फिरवा, कोण कोणाचं हे बदलत नाही. चित्र एकदा काढलं की झालं. ‘मला भूक लागली’ हे वाक्यही इथे फार छळत नाही. हैदराबादच्या पद्धतीत ‘भूक’ कर्ता आणि ‘मला’ अनुभव-कर्ता, पुढच्या वाक्याकडे वळा. ट्रीकडे ‘मला’ला उद्देश्य म्हणायचं की नाही यावरच तास संपू शकतो. ‘आपली’ सहसा उद्देश्याकडे बोट दाखवते, मग ‘मला आपली चूक कळली’ या वाक्यात ती ‘मला’चीच कशी, हा मुद्दा निघाला की वाद खरंच रंगतो, हेही कबूल.

तरीही ट्रीला निकालात काढू नका. ‘मी त्याला धावताना पाहिलं.’ धावत कोण होतं, मी की तो? बाणांच्या साध्या चित्रात ‘धावताना’ हे ‘पाहिलं’ला टांगलं जातं आणि धावणारा गुलदस्त्यातच राहतो. ट्रीवाले ‘धावताना’च्या आधी एक न उच्चारलेला कर्ता मानतात आणि तो ‘मी’शी जोडायचा की ‘त्याला’शी हे दाखवतात. म्हणजे मी ज्या रिकाम्या जागांवर वैतागलो होतो त्याच इथे कामाला येतात.

दुसरं उदाहरण बडोद्यात आयतं कानावर पडतं. आपण म्हणतो ‘रमेशने सीमाला पाहिलं’. कर्माला ‘ला’ लागला की क्रियापद नपुंसकलिंगी एकवचनात जाऊन बसतं, आपला भावे प्रयोग. शेजारचा गुजराती म्हणतो ‘रमेशे सीमाने जोई’. त्याच्याकडे कर्माला ‘ने’ (म्हणजे आपला ‘ला’) हा प्रत्यय लागूनही क्रियापद सीमाप्रमाणे स्त्रीलिंगी राहतं. दोन्ही वाक्यांचे बाण काढलेत तर चित्र तेच येईल. फरक कुठून आला हा प्रश्न बाण विचारतच नाहीत. तो विचारायचा आणि त्याची चिरफाड करायची तर ट्रीवाल्यांची हत्यारं जास्त धारदार आहेत, असं मला तरी वाटतं.

‘आई आणि बाबा आले’ यातही बाणांची पंचाईत होते. दोघांपैकी मुख्य कोण? युनिव्हर्सल डिपेंडन्सीज या, अनेक भाषांचे बाण एकाच पद्धतीने काढणाऱ्या प्रकल्पात पहिला शब्द मुख्य धरतात, म्हणजे आई. (बऱ्याच घरांत हे वास्तवाला धरूनच आहे.) ट्रीमध्ये दोघांचा मिळून एक मोठा नामपदबंध होतो आणि विषय मिटतो.

प्राध्यापकीसाठीची नेट परीक्षा द्यायची असेल तर निवडीला फारसा वाव नाही, चॉम्स्कीची वाट करावीच लागेल. संगणकावर भाषेचं काम करायचं असेल तर डिपेंडन्सी. या दोन्हींत नसलेल्या, निव्वळ आपली मराठी उलगडून बघायची हौस असलेल्या माणसाला मी निदान पहिलं वर्ष बाण काढायला सांगेन. युनिव्हर्सल डिपेंडन्सीजच्या संग्रहात मराठीचाही ट्रीबँक आहे. लहानसा, पाचशेपेक्षा कमी वाक्यांचा, पण फुकट उतरवून घेता येतो. त्यातलं एखादं वाक्य झाकून आपले बाण काढायचे, मग ताडून बघायचे आणि पटलं नाही तर मनातल्या मनात भांडायचं. मराठी ट्रींच्या बाबतीत अशी सोय मला तरी मिळाली नाही, तिथे शिकवणारा शेजारी लागतोच.