तुर्कमेनी गालिचा घ्यावा की इराणी शहरी?

हाताने गाठी मारून विणलेला गालिचा घेऊ इच्छिणाऱ्यासमोर दुकानदार बहुधा दोन प्रकारचे नग उलगडतो. एकात गडद लाल जमिनीवर अष्टकोनी आकृत्यांच्या सरळ रांगा असतात आणि त्याला तो ‘बुखारा’ म्हणतो. दुसऱ्यात मधोमध मोठे पदक आणि भोवती वेलबुट्टी असते आणि त्याला काशान, तब्रीझ, इस्फहान असे एखाद्या इराणी शहराचे नाव असते. त्यानंतर दर चौरस इंचाला किती गाठी आहेत हे सांगितले जाते आणि जास्त गाठींचा गालिचा तोच श्रेष्ठ, अशी घेणाऱ्याची समजूत होते. माझ्या मते हा आकडा एकाच परंपरेतले दोन नग ताडून पाहताना उपयोगी पडतो; दोन परंपरांमध्ये निवड करताना तो दिशाभूलच करतो, कारण दोन्हीकडे गाठींवर सोपवलेले काम निराळे आहे.

बुखारा ही या गालिच्यांची बाजारपेठ होती. ते विणले तेक्के, योमुत, सालोर, सारिक, एरसारी, चौदोर या तुर्कमेन टोळ्यांच्या स्त्रियांनी, आजच्या तुर्कमेनिस्तानात आणि त्याला लागून असलेल्या इराण व अफगाणिस्तानच्या भागांत. माग जमिनीवर आडवा, खुंट्या ठोकून ताणलेला असे; मुक्काम हलवायची वेळ आली की अर्धवट विणलेल्या गालिच्यासह तो गुंडाळून नेता येई. नक्षी कागदावर नसे. ती आईकडून मुलीकडे येई आणि बोटांना पाठ असे. तंबूत जमिनीवर अंथरायच्या मोठ्या गालिच्याखेरीज दारावरचा पडदा, तंबूच्या भिंतीला टांगायच्या सामानाच्या पिशव्या, लग्नाच्या मिरवणुकीत वधूच्या उंटाच्या दोन्ही अंगांना बांधायच्या पंचकोनी झुली, असे सारे काही याच गाठींच्या विणीचे असे. दारावरच्या पडद्यावर अनेकदा कमानीसारखी आकृती असते आणि त्यामुळे पूर्वीच्या व्यापाऱ्यांनी असे कितीतरी पडदे नमाजाचे गालिचे म्हणून विकले.

या गालिच्याचा प्राण म्हणजे ‘गुल’, टोळीची ओळख सांगणारी ती अष्टकोनी आकृती. तेक्के गुल जवळून पाहावा. गडद निळ्या बारीक रेघा त्याचे चार भाग करतात. समोरासमोरचे तिरपे दोन भाग एका रंगाचे आणि उरलेले दोन दुसऱ्या रंगाचे असतात. त्या रेघा गुलाच्या कडेपाशी थांबत नाहीत, तर शेजारच्या गुलात शिरतात, त्यामुळे सबंध जमिनीवर एक जाळे तयार होते आणि रांगांच्या मधल्या जागेत लहान गुल बसतात. योमुतांच्या एका गुलात चारही भागांत लहान चतुष्पाद प्राणी जोडीजोडीने उभे असतात. या रचनेला केंद्र नाही. किनारीपाशी ती केवळ थांबते, संपत नाही. तुर्कमेनिस्तानने 1992 साली स्वीकारलेल्या राष्ट्रध्वजावरही अशा पाच गुलांचा उभा पट्टा आहे, आणि तेथील गालिच्यांची कला 2019 साली युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत समाविष्ट झाली.

इराणी शहरी गालिचा घडला तो सफवी या इराणी राजघराण्याच्या दरबाराच्या आश्रयाने. त्याची नक्षी चित्रकाराने आधी रेखाटलेली असते, चौकटीच्या कागदावर उतरवलेली असते, आणि उभ्या मागावर बसलेले विणकर ती घरे मोजत गाठी मारतात. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयातला अर्दबील गालिचा हा या परंपरेचा मानदंड होय. सुमारे साडेदहा मीटर लांब आणि सव्वापाच मीटर रुंद अशा त्या गालिच्यावर मकसूद काशानी हे नाव आणि हिजरी 946, म्हणजे इसवी सन 1539-40, हे वर्ष विणलेले आहे. संग्रहालयाने तो 1893 साली विकत घेतला. त्याची जोडी पूर्ण करणारा दुसरा गालिचाही होता. पण पहिल्याच्या दुरुस्तीसाठी त्याचे भाग कापून वापरले गेले आणि उरलेला, किनारी गमावलेला तुकडा आज लॉस एंजेलिसच्या कलासंग्रहालयात आहे. मोठे पदक मध्यभागी, त्याचाच चतुर्थांश चारही कोपऱ्यांत आणि मधल्या जागेत फुलांच्या वेली, ही पदक-कोपऱ्यांची मांडणी काशानच्या आजच्या गालिच्यातही दिसते. काशान आणि फार्स या दोन ठिकाणची विणकला युनेस्कोच्या यादीत 2010 साली गेली. त्यांपैकी फार्सची परंपरा मात्र मुख्यतः भटक्या टोळ्यांची असल्याने ती तुर्कमेनी वळणाच्या अधिक जवळची आहे.

आता गाठींकडे वळावे. वेलीची वळणदार रेघ गाठींतून काढायची तर गाठी बारीक आणि दाटच हव्यात, नाहीतर वळणाऐवजी पायऱ्या दिसू लागतात. म्हणून तब्रीझमध्ये ‘रज’, म्हणजे साधारण सात सेंटिमीटर रुंदीत किती गाठी, हे माप सांगितले जाते आणि पन्नास रजचा गालिचा उत्तम समजला जातो. नाईन या इराणी शहरात ताण्याच्या दोऱ्याला किती पदर आहेत त्यावरून नऊ ‘ला’, सहा ‘ला’, चार ‘ला’ अशी प्रत ठरते आणि पदर जितके कमी तितके काम बारीक. इराणी शहरी नग निवडताना हे आकडे अवश्य विचारावेत. तुर्कमेनी गुल मात्र मुळातच सरळ आणि तिरप्या रेघांचा आहे. जुन्या तेक्के गालिच्यात दाट गाठी आढळतात हे खरे, पण एरसारींचे काम त्या मानाने जाडेभरडे असूनही त्यातले मोठे, ऐसपैस गुल अत्यंत देखणे असतात. तेथे गाठी मोजण्यापेक्षा लोकर हाताळून पाहणे शहाणपणाचे ठरते. तुर्की गाठ आणि फारसी गाठ हा भेदही दुकानात ऐकू येतो. निवडीसाठी तो निरुपयोगी आहे, कारण तेक्के विणकर स्त्रिया फारसी म्हटली जाणारी गाठ वापरतात आणि तब्रीझचे विणकर तुर्की.

वापराच्या दृष्टीने खरा फरक ताण्याबाण्यात आहे. पारंपरिक तुर्कमेनी गालिच्यात ताणा, बाणा आणि लव, म्हणजे गाठींच्या टोकांचा वरचा मऊ थर, ही तिन्ही लोकरीची असतात. त्यामुळे तो मऊ, लवचीक असतो, सहज घडी घालता येतो, पण त्याच्या कडा कधी किंचित वाकड्या असतात आणि तो फरशीवर थोडा लहरी पडतो. इराणी शहरी गालिच्याचा ताणाबाणा बहुधा सुती, क्वचित रेशमी असतो. तो सपाट आणि काटकोनात बसतो, मात्र सूत ओल धरते. कोकणपट्टीच्या किंवा मुंबईच्या पावसाळ्यात कुंडीखाली वा ओल आलेल्या भिंतीलगत असा गालिचा महिनोन्महिने पडून राहिला तर सूत कुजते आणि पुढे जरा ताण पडताच तडकते. कसर दोन्ही प्रकारांना लागते. दर काही आठवड्यांनी गालिचा उलटा करून झटकणे आणि अवजड सामानाखालचा भाग मोकळा करणे एवढे तरी करावेच लागते. कुम या इराणी शहरातला रेशमी गालिचा वर्दळीच्या खोलीत घालणे मला उधळपट्टी वाटते. त्याची जागा भिंतीवर.

रंगाबाबत नैसर्गिक तेवढे चांगले आणि रासायनिक तेवढे वाईट, ही वाटणी फार ढोबळ आहे. मंजिष्ठेच्या जातीच्या वनस्पतीच्या मुळांचा लाल आणि निळीचा निळा हे तुर्कमेनी गालिच्याचे जुने आधार. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आलेले सुरुवातीचे कृत्रिम रंग उडत आणि फुटत, परंतु नंतरचे क्रोम रंग पक्के आहेत. लव बोटांनी दुभंगून मुळाशी आणि टोकाशी रंग सारखा आहे का ते पाहावे, आणि ओला पांढरा रुमाल लाल भागावर दाबून धरावा. रुमाल लाल झाला तर भाव करण्यात वेळ घालवू नये.

भारतीय बाजारात ‘बुखारा’ म्हणून मिळणारे कित्येक नग भदोही-मिर्झापूर पट्ट्यात विणलेले असतात, तर परदेशी दुकानांत लाहोरकडचे ‘मोरी बुखारा’ दिसतात. सोनेरी, पोपटी किंवा फिकट निळ्या जमिनीवर तेक्के गुल दिसला की तो तुर्कमेन स्त्रीच्या हातचा नाही, असे खुशाल समजावे. त्याचप्रमाणे इराणी नक्षीचे रेशमी गालिचे काश्मीरमध्ये उत्तम विणले जातात. नक्षी उसनी असली तरी यात फसवणूक नाही; फसवणूक सुरू होते ती नाव आणि किंमत उसनी घेतल्यावर. ब्रिटिश काळात पुण्याच्या येरवडा तुरुंगातही कैद्यांकडून गाठींचे गालिचे विणून घेतले जात आणि जुन्या वस्तूंच्या बाजारात ते आज येरवड्याच्याच नावाने मान मिळवतात.

ज्या दिवाणखान्यात बसण्याची मांडणी मधल्या मोकळ्या जागेभोवती आहे आणि पदक पूर्ण दिसू शकते, तेथे काशान किंवा तब्रीझ शोभतो. त्याच पदकावर टीपॉय ठेवायचा असेल तर तो पैसा वाया गेला. सोफा, कपाट, येण्याजाण्याची वाट यांनी अर्धी झाकली जाणारी आपल्या सदनिकांतली नेहमीची खोली असेल, तर मी तुर्कमेनी गालिचाच घेईन, कारण त्याचा कोणताही तुकडा दिसला तरी नक्षी अपुरी वाटत नाही. अंदखोय, अकचा या उत्तर अफगाणिस्तानातल्या गावांकडचा तुर्कमेनी नग यासाठी पुरेसा चांगला असतो. जागा आणि पैसा दोन्ही कमी असतील तर तंबूतल्या पिशवीचा जुना दर्शनी भाग भिंतीसाठी घ्यावा; तेक्के स्त्रियांनी आपले बारीक काम अशा लहान वस्तूंवरही मनापासून केले आहे.

अमेरिकेत राहणाऱ्या मराठी कुटुंबांना आणखी एक गोष्ट पाहावी लागेल. इराणी गालिच्यांच्या आयातीवर तेथे 1987 साली बंदी आली, 2000 साली ती उठली, 2010 मध्ये पुन्हा लागू झाली, 2016 च्या आरंभी सैल झाली आणि 2018 पासून पुन्हा आहे. तेव्हा सुटीत भारतातून किंवा दुबईतून इराणी गालिचा सोबत नेण्याआधी त्या वेळचा नियम तपासावा. अश्गाबातहून तुर्कमेनी गालिचा आणायचा असल्यास तो पुरातन नसल्याचा तज्ज्ञ समितीचा दाखला लागतो, आणि तो पैसे देण्याआधी दुकानदाराकडून मागून घ्यावा.